एकविसावा रणगाडा

शिरूरच्या एसटी डेपोसमोर आम्ही तिघं माजी सैनिक चहाला जमलो, की एक किस्सा सांगायला बसतो आणि चार सांगून उठतो! तिघंही परदेशात एकाच शांतिसेनेत होतो. मांडवगणचे आप्पा निरीक्षक पथकात, दौंडचे शेखमामा जीपवर आणि मी रिपोर्ट टाईप करायला.

काम ऐकायला सोपं. दोन शेजारी देशांत लढाई होऊन करार झालेला. सरहद्दीजवळ प्रत्येकानं वीसच रणगाडे ठेवायचे. आम्ही दर पंधरवड्याला ते मोजायचे आणि आकडा दोघांनाही कळवायचा. आकडा चुकला, तर मधल्या गावांचं काही खरं नव्हतं.

*

पहिल्याच दिवशी शेखमामा म्हणाले, "वैरी म्हणतो दाखव, आन् हे गडी दाखवत्यात! आपल्यात बांधाची मोजणी आली तर निम्मं गाव काठ्या घिऊन येतं."

आम्ही हसलो, पण माझ्या अंगावर काटा आला. एकमेकांची पोरं मारलेली ही माणसं, आमच्या वहीवर विश्वास ठेवत होती.

*

करारात एक अट होती. दोन मीटरपेक्षा रुंद दार दिसलं, की उघडून दाखवायचं. एका छावणीत असलं एक दार कुलूपबंद, आणि तिथला कॅप्टन लाजून लाल! "हे राहू द्या ना," म्हणाला.

आप्पांनी टेप लावला. दोन मीटर चार सेंटिमीटर! "उघडा."

आत सगळ्या पलटणीच्या चड्ड्या दोरीवर वाळत घातलेल्या. आप्पा गंभीर चेहऱ्यानं मला म्हणाले, "लिही. रणगाडे न्हाईत."

*

आप्पांची नजर मात्र जबरदस्त. एकदा आम्हाला एकोणीसच सापडले. एका शेडसमोरची चाकोरी बघून आप्पा म्हणाले, "हितनं ट्रेलर भरून आत गेलाय आन् रिकामा भाईर आलाय." ताडपत्री काढली, तर खाली विसावा!

कॅप्टन चाट. कुठं शिकलात म्हणून विचारायला लागला.

"कारखान्याला ऊस घालून!"

*

आणि मग एका खेपेला भरले एकवीस. एका रणगाड्याच्या गिअरबॉक्समधला पार्ट तुटला होता. त्याच्या बदली दुसरा आला, पण हा चढावर असा अडकला, की ओढूनही मागे येईना.

तिथल्या कमांडरचे केस पार पिकलेले. त्यानं आप्पांचा हात धरला. "वीस लिहा. एकवीस वाचलं तर समोरचे उद्या पन्नास आणतील. मधल्या गावात माझी बहीण राहते हो!"

शेखमामांनी मान खाली घातली. आप्पांनी आपला हात सोडवून घेतला. मग म्हणाले, "साहेब, आज खोटं लिवलं, तर उद्या आमचं खरंबी कुणी मानायचं न्हाई." आणि माझ्याकडं वळले. "एकवीस टाईप कर. आन् का अडकलाय, कुठला पार्ट तुटलाय, त्येबी लिही."

मी तसंच टाईप केलं. रिपोर्ट पलीकडं गेला. दोन दिवस आम्हाला जेवण गेलं नाही.

तिसऱ्या दिवशी पलीकडच्या चौकीवर शेखमामांच्या जीपमध्ये एक लाकडी खोका ठेवला गेला. दोन्ही देशांचे रणगाडे एकाच कंपनीचे!

कमांडरनं खोका उघडला. ग्रीस लावलेला पार्ट दोन्ही हातांत धरून तो बघतच राहिला. मग हळूच म्हणाला,

"नवा कोरा पाठवलाय!"