लाल आलवण आणि मुका बायस्कोप

माझी आत्या लहानपणीच विधवा झाली आणि काशीत दुर्गाघाटावर आमच्याकडेच राहिली. केशवपन केलेलं, अंगावर लाल आलवण. आमच्यात विधवेचा रंग लाल, आणि बनारसी बायांत तोच सुवासिनीचा. आईने सगळा बेत बांधला तो ह्याच घोटाळ्यावर.

आत्याला एकदा मुका बायस्कोप बघायचा होता. वडील पाठशाळेत वेद शिकवायचे. विधवेने असल्या ठिकाणी पाऊल टाकलं तर तिला ह्या घरात थारा नाही, असं त्यांनी आधीच बजावलं होतं. पण आई म्हणाली, इथल्या बायांसारखा पदर नाकापर्यंत ओढला की झालं, कोण ओळखतंय! दोघीही तिशीच्या आतल्या, अक्कलही तेवढीच. देवदर्शनाला निघाल्यासारखं दिसावं म्हणून मला बरोबर घेतलं.

दारावरच्या माणसाने आत्याला अदबीने ‘बहूजी’ म्हणून आत सोडलं. पडद्यावर दोन मडमा शिपायाचे कपडे चोरून कुणा बड्या घरच्या मेजवानीत घुसत होत्या. शिडी मोडत होती, रंगाची बादली भलत्याच्याच डोक्यावर पडत होती आणि खरा शिपाई नुसत्या बंडीवर मागे धावत होता. आत्या हसायला लागली. तोवर मी तिला हसताना कधी पाहिलंच नव्हतं. हसता हसता ती पुढे वाकली आणि डोक्यावरचा पदर खांद्यावर आला.

“ई त बिधवा हौ,” शेजारची बाई म्हणाली. “आ लाल पहिरले हौ.”

ती नेमकी वडिलांच्या यजमानांच्या घरची निघाली. दुसऱ्या दिवशी यजमान स्वतः विचारायला आले. आमच्यात विधवा लालच नेसतात, त्यात काही वावगं नाही, असं वडिलांनी त्यांना शांतपणे समजावलं. यजमानांचं समाधान झालं. मग वडील आत आले आणि त्यांनी आत्याला बोचकं बांधायला सांगितलं. आईने त्यांचे पाय धरले, पण काही उपयोग झाला नाही. वडिलांवरचा तो राग माझ्या मनातून अजून गेलेला नाही.

अमृतराव घाटाजवळ काही विधवा एका खोलीत जपतप करत राहायच्या. तिथे आत्याला पोचवलं. गंगेवर जाते असं सांगून आई मला घेऊन तिच्याकडे जायची. दोघी दारातच उभ्या राहायच्या. एकमेकींकडे पाहिलं की दोघींचेही ओठ थरथरायला लागायचे आणि आतल्या बायका जप थांबवून बाहेर बघायच्या.

एकदा आत्याने आईचा हात धरला.

“वहिनी, आता येत जाऊ नका,” ती म्हणाली. “तुम्ही दिसलात की मला हसू येतं. इथूनही घालवून दिलं तर मी कुठे जाऊ?”

आई पुन्हा गेली नाही.