कुठंच नसलेल्या देशाची टेलरताई

नकाशाकडे बोट दाखवून कोणी विचारलं, "हे कुठं आलं?" की टेलरताई ओठांत धरलेल्या टाचण्या काढायची आणि म्हणायची, "कुठंच नाय. तीच तर मजा हाय." मग टाचण्या परत ओठांत. बोलणं बंद.

तुमच्याही बाजारात असं एखादं दुकान असेल, जिकडे काम नसलं तरी पाय वळतात. पनवेलात माझं ते दुकान टेलरताईचं. आत एक शिलाई मशीन, समोर एक स्टूल, संपलं. पण मशीनमागची जवळजवळ अख्खी भिंत एका नकाशाने भरलेली. ब्लाउजचे पॅटर्न कापायला खाकी कागद आणतात ना, त्याचे ताव जोडून तिने एक देश काढला होता. नद्या, डोंगर, खिंडी, बंदरं. त्यातलं एकही ठिकाण पृथ्वीवर नाही.

मी भूगोलात बी.ए. वीटभट्टीवर वाढलेली, आमच्या घरातली पहिली पदवीधर, आणि हे मी कोणी विचारलं नाही तरी सांगते. नोकरी कळंबोलीत, ट्रान्सपोर्टच्या ऑफिसात. तिथे भूगोल कोणी विचारत नाही. ट्रक कुठे अडकलाय ते विचारतात. त्यामुळे हा नकाशा पहिल्यांदा दिसला तेव्हा मी ब्लाउजचं माप द्यायचं सोडून त्याची परीक्षाच घ्यायला बसले.

किनारे सगळे गोलसर, कारण ते बाहीच्या मुंढ्याचा आकार काढायच्या वाकड्या पट्टीने काढलेले. रस्ते कच्च्या टाक्यासारखे तुटक. डोंगरातून जायची वाट म्हणजे कातरखिंड, समुद्रात गुंडीबेट. दोराबंदरात दर पहाटे लिलाव होतो, पण तिथे मासे बोली लावतात आणि कोळी टोपलीत बसतात. "भाव कमी आला की कोळ्यांचं तोंड बघण्यासारखं होतं," ती गंभीरपणे सांगायची. एक डोंगर मात्र मार्किंगच्या खडूने काढलेला.

"हा खडूने का?"

"तो चालता डोंगर हाय. दर अवसेला जागा बदलतो. शाईनं काढला तर अडकंल ना बिचारा."

एकदा मी तिला दाखवून दिलं, की ह्या डोंगराच्या मागे तू भाताची शेतं दाखवलीस ती चूक. ढग अलीकडेच रिकामे होणार. पलीकडे पर्जन्यछाया. तिला तो शब्द इतका आवडला, की दोनदा म्हणायला लावला. मग तोंड उतरलं.

"मग तिकडची माणसं उपाशी मरतील?"

"त्यांना दुसरीकडे वसव."

तिने माझ्याकडे पाहिलं, चिंधी ओली केली आणि डोंगर पुसून टाकला. "डोंगर हलवते. माणसं नाय हलवणार."

तेव्हा मला आठवलं, तिचं गाव मोरखार. प्रकल्पासाठी सगळं उठवलं, आणि माणसं नंबर टाकलेल्या प्लॉटवर नेऊन बसवली. भाताची शेतं राहिली.

मला वाटायचं, तुम्हालाही वाटेल, की हा नकाशा म्हणजे त्या गेलेल्या गावाची आठवण. तसं म्हटलं की ती चिडायची. "माझं गाव मला ठावं हाय, ते कशाला काढू? जे कधीच नव्हतं ते काढायला मजा." तिचा नियम पक्का: खरं काही ह्या नकाशात यायचं नाही. शेजारचा इस्टेट एजंट यायचा, "ताई, गुंडीबेटावर आमचा एक वन बीएचके बसवा की, सी-व्ह्यू." त्यालाही नाही.

पण आत्या एजंटासारखी चेष्टा करायला येत नसे. आत्या म्हणजे मोरखारचीच एक म्हातारी, गावाची आत्या. ब्लाउज शिवायला टाकायची आणि भिंतीसमोर उभी राहायची.

"एवढा मोटा देश काढलास गो, आपलं मोरखार तेवढं टाक."

"नाय आत्या. आज तुजं टाकलं, उद्या सगळे मागतील. मग नकाशा राहणार नाय, सात-बारा होईल."

"सरकारच्या नकाशात नाय. तुज्यातबी नाय. मग गेलं कुटं माजं गाव?"

टेलरताईच्या ओठांत टाचण्या होत्या. तिने त्या काढल्या नाहीत. आत्याने न शिवलेलं कापड उचललं आणि गेली ती थेट पलीकडच्या गल्लीतल्या टेलरकडे. तिथला ब्लाउज घालून मुद्दाम दुकानासमोरून जायची. एक बाही कोपरापर्यंत, दुसरी वर. टेलरताईच्या डोळ्यांना ती बाही खुपायची. जेवण सोडल्यासारखी झाली. "बी.ए.," ती मला म्हणाली (माझं नाव तिने कधी घेतलंच नाही), "गाव टाकलं तर देश मोडतो. नाय टाकलं तर म्हातारी मोडते. तुज्या पुस्तकात काय उपाय हाय?"

होता! कुठलाही नकाशा उघडा. कडेला रस्ता संपत नाही. तिथे एक बाण असतो आणि लिहिलेलं असतं, पुढे अमुक गाव. ते गाव नकाशात नसतं, पण रस्ता तिकडे जातो. मी हे सांगितलं तेव्हा तिने टाचण्या ओठांतून काढून उशीला टोचल्या. चारी बाजूंना तिने कपड्याला सोडतात तसं मार्जिन सोडलं होतं, कोरं. कातरखिंडीतून कच्च्या टाक्याचा रस्ता काढत ती त्या मार्जिनपर्यंत आली. बाण काढला. "पुढे मोरखार."

"आणि किती किलोमीटर लिहू, बी.ए.?"

उठवलेल्या गावाचं अंतर कुठून मोजायचं? तिने थोडा विचार केला आणि लिहिलं, "जवळच."

मी जाऊन आत्याला घेऊन आले. तिला वाचता येत नाही, म्हणून वाचून दाखवलं. तिने दोराबंदरापासून बोट ठेवलं, खिंडीतून नेलं, बाणावर आणलं, आणि थांबलीच नाही. बोट कागदावरून उतरून उघड्या भिंतीवर फिरत राहिलं. हात खाली घेत म्हणाली, "ही बाही उसव आदी. हात वर होत नाय."

मग सगळ्यांनीच बाण मागितले. एजंटाला साताऱ्याकडचा, समोरच्या चहावाल्याला जौनपूरचा. टेलरताई देत गेली. "देशाबाहेर कितीबी गावं असू देत," म्हणायची. "मार्जिन त्याच्यासाटीच असतंय."

गेल्या दिवाळीनंतर तिच्या गुडघ्यांनी पायमशीनला नकार दिला. लेक उरणजवळच्या करंजाला दिलेली; तिने आईला नेलं. नकाशा साडीसारखा घड्या घालून गेला. दुकानात आता मोबाइलची कव्हरं मिळतात.

परवा स्टँडवर आत्या दिसली.

"एवढ्या लांब गेली मेली," ती माझ्यावरच ओरडली, जणू मीच पाठवलं. "मी बिलाऊज शिवायचा कोणाकडं?"

"पलीकडच्या गल्लीत—"

"त्याचं नाव काडू नको."

तेवढ्यात उरणची एसटी लागली. आत्याने पिशवी काखेत मारली. वरून हिरव्या कापडाचं टोक बाहेर आलेलं. दांडा धरून ती पायरीवर चढली. हात सरळ वर गेला, बाही कुठे ओढली नाही.

"करंजा लांब पडेल गं आत्या, ह्या वयात," मी खालून म्हटलं.

ती वळून हसली.

"जवळच," म्हणाली.