रंगुबाईने घ्यायचं राहिलेलं नाव

कुंडलात उचकीची साथ आली तेव्हा सगळ्यात जास्त हाल कुणाचे झाले असतील, तर रंगुबाईचे. आजार तसा साधा. एकाची उचकी दुसऱ्याच्या कानावर पडली की त्यालाही लागायची. समोरासमोरच नव्हे, तर फोनवरूनसुद्धा. मग गावाने कानात कापसाचे बोळे घातले, देवळावरचा भोंगा बंद झाला आणि माणसं हातवारे करून भाजी घेऊ लागली. रंगुबाईचं मात्र सगळं आयुष्यच कानांवर चाललेलं. कुणाच्या सुनेने कुणाला काय उत्तर दिलं, हे त्या सुनेच्या सासूच्या आधी हिला कळायचं. तिला कानात बोळे घालायला सांगणं म्हणजे कुंडलच्या पैलवानाला उपासाला बसवणं.

औषध सापडलं ते दूध डेअरीत. उचकी लागली म्हणजे कुणीतरी आठवण काढतंय, हे गावात कुणाला सांगावं लागत नाही. या साथीत ते अक्षरशः खरं निघालं. जो आठवण काढतोय त्याचं नाव तोंडाने घेतलं की उचकी जागच्या जागी बंद. नानासो दुधाची किटली घेऊन रांगेत उचकत उभा होता. बायकोचं नाव घेतलं, भावाचं घेतलं, पोरांची घेतली, उचकी चालूच. शेवटी वैतागून सासूचं घेतलं आणि थांबली. सासू नेमकी काय म्हणून आठवण काढत होती, हे विचारायला नानासो अजून पलूसला सासरी गेलेला नाही.

त्याच्या मागेच रंगुबाई होती. हा कुणाकुणाची नावं घेतोय ते नीट कळेना, म्हणून तिने एका कानातला बोळा जरासा उचलला. जरासाच. तेवढ्यात तिलाही लागली.

एरवी हसण्यावारी गेलं असतं. पण घरात लेक शिवांजली बाळंतपणाला आलेली, आणि नातीचं अजून बारसंही व्हायचं होतं. तेवढ्याशा जिवाला उचकी लागली तर ते बिचारं कुणाचं नाव घेणार? रंगुबाईने आपणच लुगड्यांचं गाठोडं बांधलं आणि मळ्यात, उसापल्याड पाण्याच्या मोटारीच्या खोलीत राहायला गेली. बारसं रविवारवर आलं होतं, आणि उचकी थांबल्याशिवाय तिला आपल्याच घराचा उंबरा ओलांडता येणार नव्हता.

डबा घेऊन यायचा तिचा नवरा नाथाजी. तोच एकटा येऊ शकत होता. तोफखान्यात हवालदार होता तो. तोफांनी त्याचे दोन्ही कान सरहद्दीवरच ठेवून घेतले. घरी आल्यापासून तो समोरच्याचे ओठ बघून बोलणं ओळखतो, आणि बायकोचं बोलणं लांबलं की नजर दुसरीकडे वळवतो. ही सोय गावातल्या किती पुरुषांना हवीशी वाटली असेल, ते त्यांच्या बायकांनाच ठाऊक.

खोलीत बसून रंगुबाईने नावं घ्यायचा सपाटा लावला. बहिणी झाल्या, भावजया झाल्या, म्हसवडच्या यात्रेत बांगड्या भरणारी कासारीण झाली. जिच्याशी बोलणं टाकलं होतं त्या जावेचंही नाव दात-ओठ खात घेतलं. मेलेल्या म्हशीलासुद्धा सोडलं नाही. उचकी ढिम्म. शेवटी शिवांजलीने मोबाईलवर लिहून पाठवलं, ‘आई, बाबांचं घेतलंस का?’

रंगुबाईने मोबाईल पालथा ठेवला. नवऱ्याचं नाव तिने कधी घेतलेलंच नव्हतं. ‘आवं’ आणि ‘शिवांजलीचं बाबा’ एवढ्यावर संसार झाला. लग्नात उखाणा घेतला तो इतका हळू, की त्यात नाव होतं का नव्हतं यावर दोन्ही घरांत अजून वाद आहे. गल्लीने गृहीत धरलं की म्हातारी लाजते. लाजायला रंगुबाई कुठे शिकली होती?

ती भीत होती. नाथाजी फौजेत असताना भांडी घासता घासता तिला उचकी लागायची, आणि सासू म्हणायची, आठवण काढतोय बघ तुझा फौजी. ती उचकी रंगुबाई पाणी न पिता पुरवून पुरवून वापरायची. तो कायमचा घरी आला आणि उचक्या संपल्या. शेजारच्या खाटेवर झोपणाऱ्या बाईची कोण कशाला आठवण काढेल? आता नाव घेतलं आणि उचकी तशीच राहिली तर? नाव घेतलं नव्हतं तोवर शंकेला तरी जागा होती.

रविवारी सकाळी नाथाजीने डबा आणला. त्यात बारशाच्या घुगऱ्या होत्या. डबा उघडून तिच्यापुढे ठेवला आणि पाठ करून तो बांधावर बसला. पहिल्या नातीच्या घुगऱ्या काय डब्यातून खायच्या? रंगुबाईने त्याच्या पाठीकडे बघितलं. नुसतं नाव तोंडात येईना, म्हणून डोक्यावर पदर घेतला आणि उचकीत अडखळत उखाणाच घेतला:

“पाटाचं पाणी सरीला, सरीचं पाणी मुळाला,
नाथाजीरावांचं नाव घेते, भेटू दे मला बाळाला.”

मग ती वाट बघत बसली. ऊस सळसळला, पलीकडे कुणाचा तरी ट्रॅक्टर सुरू झाला. उचकी आली नाही.

आनंद व्हायच्या आधी तिला रागच आला. उठून तिने नाथाजीला खांद्याला धरून फिरवलं.

“मी हितं समूर बसलीया, आन् तुमी आठवण कसली काढताय?”

नाथाजीने तिचे ओठ वाचले.

“घरात लय गप गप वाटतंय,” तो म्हणाला.

“तुमास्नी कवापास्नं ऐकाय याया लागलं?”

“ऐकाय कुठलं येतंय. पर गॅसम्होरं तुझं त्वांड हलताना दिसायचं. आता बघतोय तर तिथं कोण न्हाई.”

त्यावर रंगुबाईला काही उत्तर सुचलं नाही. असं याआधी कधी झाल्याचं कुंडलात कुणाला आठवत नाही. तिने डब्याचं झाकण लावलं, गाठोडं त्याच्या हातात दिलं आणि बांधावरून त्याच्या पुढे चालू लागली.

घरी बारशात आत्याने पाळण्यात वाकून नातीच्या कानात कुर्र केलं आणि नाव सांगितलं, अबोली. रंगुबाईच्या घरात अबोली! बायकांनी खास हसण्यासाठी म्हणून कानातले बोळे काढले. मग सगळ्यांनी मिळून रंगुबाईला घेरलं, की आज बारसं आहे, आज तरी नाव घ्या.

रंगुबाईने नातीला मांडीवर नीट घेतलं.

“सकाळीच घेतलंय,” ती म्हणाली. “औषध हाय ते. उगं सारखं घिऊन गुण घालवू व्हय त्याचा?”

तिथून जी ती बोलत सुटली, ती मळ्यातल्या सगळ्या मुक्कामाची भरपाई करूनच थांबली. नाथाजी दाराशी खुर्ची टाकून शेवटपर्यंत तिचे ओठ बघत बसला होता. नजर वळवायला त्याने पुढच्या आठवड्यात पुन्हा सुरुवात केली.