तिचं नाव

मिलिटरीत मी जवानांना कवायत शिकवायचो. माझ्या ‘सावधान’नं झाडावरचे कावळे उडायचे. आता पाणी मागितलं तरी बायको म्हणते, “आवं, काय पुटपुटताय?” कंपवात म्हणजे नुसते हात कापतात अशी माझी समजूत होती. या दुखण्यानं हातांच्या आधी माझा गळाच धरला.

साताऱ्याच्या दवाखान्यात एक पोरगी आवाजाचा व्यायाम शिकवते. ती म्हणाली, “आजोबा, घरात सगळ्यात जास्त हाक कुणाला मारता? त्यांचं नाव रोज पोटातून ओरडायचं.” आमच्या रहिमतपूरकडं बायकोला नावानं कोण हाक मारतं? लग्नात उखाण्यात घेतलं तेवढंच, पुढं जन्मभर ‘अगं’. बायको शेजारीच बसली होती. पदर तोंडाला लावून म्हणाली, “दुसरं कायबी वरडायला सांगा की, बाई. म्हातारपणी लोक काय म्हंतील?”

तरी रोज सकाळी ओसरीवर बसून मी तिचं नाव ओरडायला लागलो. ती आतून म्हणायची, “हळू, हळू!” मला चीड यायची. हळू व्हायला मला वेगळे कष्ट घ्यायला नकोत, दुखणं तेच काम इमानानं करत होतं.

मग एकदा न्हाणीत पाय अडखळला आणि मी पडलो. स्वयंपाकघरात मिक्सर चालू होता. शिकवल्याप्रमाणे सगळा जोर लावून तिचं नाव घेतलं. ते माझं मलाच नीट ऐकू आलं नाही. चटणी वाटून झाल्यावर ती आली, मला फरशीवर बघून घाबरली आणि माझ्यावरच खेकसली, “हाक मारायची न्हाई व्हय?” पडण्यापेक्षा ते जास्त लागलं.

मुलगा शिरवळच्या कारखान्यात आहे. त्यानं उशाला बेलचं बटण बसवून दिलं. बोट बटणावर टिकलं तर बेल वाजणार ना!

डॉक्टर म्हणतात, आवाज आता परत यायचा नाही. मरणाची मला भीती नाही. मुकं होऊन जगायची आहे, आणि ते काही चुकत नाही.

काल दुपारी ती माझ्या खाटेवर टेकली. दाराकडं एकदा बघून घेतलं आणि लाजत म्हणाली, “कोण न्हाई हितं. घ्या की माझं नाव.”

मी घेतलं.

तिनं कान माझ्या तोंडाशी आणला आणि म्हणाली, “घ्या की.”