चंद्र नसलेल्या देशातली एकादशी

१९९४च्या दिवाळी अंकात माझ्या थोरल्या बहिणीची कथा छापून आली, तेव्हा तिच्यातली कालगणना चौदा ठिकाणी बदललेली होती. बदलण्यापूर्वी तिला विचारले नव्हते. जुन्या जालन्यातल्या ज्या दैनिकाने तो अंक काढला, तिथे मी उपसंपादक होतो. मलाही विचारले नव्हते.

कथा एका कल्पित देशाची होती. त्या देशाला चंद्र नाही. वर्षाचे महिने अकरा, प्रत्येक तेहतीस दिवसांचा. नावे कामांवरून पडलेली. नांगरटीचा, पेरणीचा, राखणीचा, उफणणीचा, अशी. अकरा महिने संपले की दोन दिवस उरतात. ते कुठल्याच महिन्यात धरत नाहीत. त्यांना मोकळे दिवस म्हणतात, आणि त्या दोन दिवसांत कुणाचाही हुकूम कुणावर चालत नाही. राजाच्या घरी जबरदस्तीने पाणी भरायला ठेवलेली एक बाई वर्षभर भिंतीवर रेघा ओढून दिवस मोजते, आणि पहिल्या मोकळ्या दिवशी, भर दुपारी, पहारेकऱ्यांच्या समोरून दरवाजाबाहेर चालत जाते. कथा तिथे संपते.

ही कालगणना अक्काने १९८३ साली कुंभार पिंपळगावात मांडली. दहावीनंतर वडिलांनी तिला वर्षभर घरी बसवले होते. शंभर पानी वहीत तिने त्या देशाचे अख्खे वर्ष आखले. पुढे वडिलांचे मन बदलले, ती शिकली, टेंभुर्णीला शिक्षिका झाली. वही बरोबर गेली. अकरा वर्षांनी तिने त्या वहीवरून कथा लिहिली. कार्यालयात ती मीच नेऊन दिली होती.

छापील कथेत अकरा महिन्यांच्या जागी चैत्र, वैशाख, ज्येष्ठ असे बारा आले. मोकळ्या दिवसांची माहिती देणारी दोन वाक्ये काढून टाकली होती. चंद्र नसल्याचे वाक्य मात्र जागेवर होते आणि त्याच्या पुढच्याच परिच्छेदात कार्तिकी एकादशी होती. बाई फाल्गुन अमावास्येला बाहेर पडत होती. पहारेकरी तिला का अडवत नाहीत, याचे कारण कथेत कुठेही उरले नव्हते.

हे काम मुद्रितशोधकाचे. वयस्कर गृहस्थ, दैनिकातले रोजचे पंचांगाचे सदरही तेच लिहीत. मी हस्तलिखित घेऊन त्यांच्या टेबलाशी गेलो.

"काका, ह्या देशाला चंद्र नाही. पहिल्याच पानावर लिहिलंय."

"वाचलं ना मी. म्हणून तर दुरुस्त केलं. चंद्र नसंल तर एकादशी कवा धरायची लोकायनं?"

"तिथं एकादशीच नाही."

"मंग उपास कवा करतेत?"

"करत नाहीत."

त्यांनी चष्मा काढला. "असला कसला देश, बाबा," ते म्हणाले. आपण एका शिक्षिकेची अब्रू वाचवली, अशी त्यांची प्रामाणिक समजूत होती. चौदापैकी एकाही ठिकाणी आपले चुकले, असे त्यांनी शेवटपर्यंत मानले नाही.

संपादकांकडे मी शुद्धिपत्र मागितले.

"दिवाळी अंकाला कुठं शुद्धिपत्र असतं का?" ते म्हणाले. "गोष्ट तीच हाय. बाई निघून गेली, खतम. तारखेनं काय बिघडून राह्यलं?"

त्याच आठवड्यात दैनिकात लक्ष्मीपूजनाचा मुहूर्त अर्ध्या तासाने चुकला. दुसऱ्या दिवशी पहिल्या पानावर चौकटीत दिलगिरी छापली गेली. तो मजकूर संपादकांच्या सांगण्यावरून मी लिहिला. अर्ध्या तासाला चौकट मिळाली. अख्ख्या वर्षाला एक ओळ मिळाली नाही. मी पुन्हा विचारले, तेव्हा "बहिणीचं काम घरी कर," असे उत्तर मिळाले.

दिवाळीची सुटी संपली आणि शाळेत एका सहशिक्षकाने सगळ्यांसमोर अक्काला विचारले, "बाई, तुमचे पहारेकरी भांग पिऊन उभे व्हते का?" तिने मला ते जसेच्या तसे सांगितले. मग म्हणाली, "वर्षभर एकेक दिवस आखला मी. ह्यांनी एका दुपारीत पुसला."

पुढच्या रविवारी ती एसटीने जालन्याला आली. पिशवीत तिच्या अक्षरातल्या, छापील ओळीच्या मापाने कापलेल्या चिठ्ठ्यांचे गठ्ठे आणि खळीची डबी होती. एका अंकाला चौदा चिठ्ठ्या. मोकळ्या दिवसांच्या वाक्यांची चिठ्ठी लांब होती. ती घडी घालून चिकटवावी लागे. तिने संपादकांकडे शिल्लक अंक मागितले.

"अंक खराब कराल, बाई."

"खराब तर तुम्ही केलाच की, साहेब. मी निस्तं झाकून राह्यले."

अंक मिळाले नाहीत. टेंभुर्णीच्या वाचनालयाने आपली प्रत तिच्या हातात दिली. चिठ्ठ्या तिथेच बसून लावल्या. जालन्याच्या ग्रंथालयात ग्रंथपालांनी शिक्का दाखवून मनाई केली. तिथे ती सलग तीन रविवार वाचक म्हणून बसली. मी शेजारी वर्तमानपत्र पूर्ण उघडून धरत असे. तिसऱ्या रविवारी चौदावी चिठ्ठी लागली.

अक्काने त्यानंतर कथा पाठवली नाही. १९९९ साली मी ते दैनिक सोडले. तोवर शुद्धिपत्र निघाले नव्हते.

२००२ साली मी दोन्ही प्रती पाहिल्या. टेंभुर्णीच्या प्रतीत चौदा चिठ्ठ्या होत्या. जालन्याच्या प्रतीत तेरा. शेवटच्या पानावरची गळून पडली होती. कागदावर खळीचा पिवळा डाग होता. डागाखाली "फाल्गुन अमावास्येला" हे शब्द निळ्या बॉलपेनने खोडले होते आणि समासात लिहिले होते : "पहिल्या मोकळ्या दिवशी."

मी त्या पानाची झेरॉक्स काढून टेंभुर्णीला नेली. अक्काने ती उजेडात धरून पाहिली.

"हे माझं अक्षर न्हाई," ती म्हणाली.