लॉबी म्हणजे आपली ओसरी

माझ्या चुलतभावाने मला त्याच्या लढाईच्या गेमचे सगळे मोड नीट समजावून सांगितले होते. मी ते ऐकले तो गेल्यावर. व्हॉट्सॲपवर नऊ व्हॉइस मेसेज होते, पाचेक महिन्यांत एकेक करून आलेले, आणि त्यातला एकही मी उघडला नव्हता. 'ऐकतो रे निवांत' एवढं दर वेळी लिहून टाकायचो. निवांत म्हणजे कधी, हे त्याने विचारलं नाही आणि मीही सांगितलं नाही.

मी जालन्यात एका शाळेत विज्ञान शिकवतो. जुन्या जालन्यात, कापडाच्या दुकानांवरच्या दोन खोल्यांत राहतो. तो तीर्थपुरीजवळ आमच्या गावी शेती पाहायचा. माझ्याहून आठ वर्षांनी लहान. दिवाळीला गावी गेलो तेव्हा त्याने माझ्या हातातून फोन घेतला, गेम टाकला, माझ्या नावाचं खातं उघडलं आणि माझ्या सैनिकाला कपडेही त्यानेच निवडले. त्याच्या सैनिकाला होते अगदी तेच: मातकट गणवेश आणि रुंद काठाची टोपी. दोघं एकाच पलटणीतले दिसलो पाहिजेत, असं त्याचं म्हणणं.

तो दुपारी शेतावरून जेवायला घरी आला की बारा वाजता गेममध्ये जायचा आणि मला बोलावणं धाडायचा. माझा फोन खिशात थरथरायचा. मी पाहायचो आणि बोटाने बाजूला सरकवायचो. वर्गात असलो तर कारण होतं. पण रविवारी, लोळत पडलेलो असतानाही मी तेच केलं. माझा स्वभावच तसा वाकडा आहे. एखाद्या गोष्टीचा कुणी आग्रह धरला की ती मला नकोशी होते. शिवाय चाळिशीकडे झुकलेल्या मास्तराने खोट्या बंदुका उडवायच्या, हे मला पटत नव्हतं.

एप्रिलच्या शेवटी विहिरीवरच्या मोटारीचा शॉक लागून तो गेला. फोन बांधावर ठेवलेला होता, म्हणून तेवढा वाचला. त्या दिवसाबद्दल मी यापेक्षा जास्त लिहिणार नाही.

दहाव्याला आम्ही गोदावरीकाठी गेलो. पिंड मांडले, सगळे मागे सरकून उभे राहिले. बाभळीवर कावळे होते, पाच-सहा तरी. एकही खाली येईना. असं झालं की मेलेल्याची काही इच्छा राहिली असं समजतात आणि घरचे एकेक करून पुढे होतात, हात जोडून शब्द देतात. काका पुढे झाले, म्हणाले, तुझ्या बहिणीचं शिक्षण थांबवणार नाही. कावळे हलले नाहीत. त्याचा एक मित्र म्हणाला, तुझी गाडी मी विकू देणार नाही. मग कुणी बैलांचं बोललं, कुणी म्हातारीच्या औषधांचं. ऊन डोक्यावर आलं, वाळू तापली, तळपाय भाजायला लागले. गुरुजी दर्भाचा कावळा करायला बसले.

मला राग आला होता, कावळ्यांचा, गुरुजींचा, त्या मोटारीचा, सगळ्यांचाच. मी पुढे जाऊन जवळजवळ पुटपुटलोच.

"तुझा गेम खेळतो मी. रोज बाराला येतो. बस?"

मागे वळेपर्यंत कावळा उतरला होता. कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ पडते, हे मी वर्गात मुलांना योगायोग शिकवताना नेहमी सांगतो. त्या दिवशी स्वतःलाही तेच सांगितलं. पण काकांनी घरी पोचताच काकूला, म्हणजे त्याच्या आईला, काय झालं ते शब्दन् शब्द सांगितलं. ती माझ्याकडे बराच वेळ पाहत राहिली.

तेरवी उरकून जालन्याला आलो. शाळेला सुट्टी लागली होती. खोलीचं दार लावून घेतलं आणि पहिला मेसेज उघडला. मागे कडब्याच्या कुट्टीचं मशीन चालू होतं आणि त्यावरून त्याचा मोठा आवाज.

"दादा, लॉबी म्हंजे आपली ओसरी समज. इथं कुणी कुणाला मारत न्हाई. आधी इथं येऊन उभं राह्यचं, गडी जमू द्यायचे, मंग खेळाला जायचं."

मला रडू फुटलं, आणि ते थांबेपर्यंत मेसेज तीनदा वाजवला.

दुसरा मेसेज टीम डेथमॅचचा. दोन टोळ्या, पाच-पाच गडी, ज्यांनी जास्त मारले ते जिंकले. यात मेलं तरी मेलं समजायचं नाही, चार-पाच सेकंदांत आपण दुसऱ्या कोपऱ्यात जिवंत उठतो, तेव्हा मरायला बिलकुल भ्यायचं नाही, असं तो सांगत होता. तिसरा डॉमिनेशनचा: मैदानात तीन जागा, त्या ताब्यात घ्यायच्या आणि धरून ठेवायच्या. हा मला जमेल म्हणाला, कारण बसल्या जागेवरून न हलण्यात माझा हात धरणारा घरात कुणी नाही. एकात विमानातून उडी मारून उतरायचं होतं, मग भोवतीचं गोल रिंगण लहान लहान होत जातं आणि शेवटी एकच गडी उरतो. त्याला तो मोड आवडायचा नाही. शेवटी एकट्यानेच उरायचं असेल तर खेळायचं कशाला, असं काहीतरी बोलून तो हसला होता.

सर्च अँड डिस्ट्रॉयचा मेसेज मी दुपारी जेवता जेवता लावला आणि घास तसाच हातात राहिला. त्यात एका टोळीने बॉम्ब लावायचा, दुसरीने निकामी करायचा. डावात जीव एकच. मेला तो पुढचा डाव लागेपर्यंत उठत नाही.

"पण मेलेला गडी जात न्हाई बरं का, दादा. जो जिता राह्यला त्याच्या डोळ्यानं सगळं पाहत बसतो. त्याच्या मागं मागं फिरतो. त्याला हात लावता येत न्हाई, पण सगळं दिसून राह्यलं असतंय."

मी मागे पाहिलं. मागे भिंतीला टेकून ठेवलेली सायकल होती. खाली दुकानात कुणीतरी कापड टराटरा फाडत होतं, रस्त्यावर रिक्षा चालल्या होत्या, भर दुपार होती. तरी मी ताट उचललं आणि पाठ भिंतीला लावून बसलो. पुढे बरेच दिवस मी तसाच बसून जेवलो.

नववा मेसेज सगळ्यात छोटा, तो जाण्याच्या आधल्या आठवड्यातला.

"दादा, मोड समजले न्हाई तरी चालतंय. बाराला नुसता ये. उभा राह्य, मंग जा."

एवढंच करायचं होतं मला. दोन मिनिटांचं काम होतं. याची जी लाज वाटली ती अजून गेलेली नाही.

मी शब्द पाळायला लागलो. रोज बाराला आत जायचो, त्याने सांगितल्या क्रमाने एकेक मोड खेळायचो आणि पहिल्या मिनिटातच मरायचो. लॉबीच्या कडेला मित्रांची यादी असते. माझ्या यादीत एकच नाव होतं, त्याचं, आणि नावापुढे राखाडी ठिपका, म्हणजे तो आत्ता गेममध्ये नाही.

मे महिन्यातल्याच एका दुपारी बारा वाजून दोन मिनिटांनी तो ठिपका हिरवा झाला.

डोकं सांगत होतं की कुणीतरी खातं चोरलं असेल. हात मात्र थांबला नाही. मी त्या नावापुढचं बटण दाबून बोलावणं धाडलं. काही क्षणांत ते स्वीकारलं गेलं. माझ्या सैनिकाशेजारी दुसरा येऊन उभा राहिला. मातकट गणवेश, रुंद काठाची टोपी. खेळ सुरू नसला की हे सैनिक नुसते उभे असतात, छाती वरखाली होते, मधूनच मान वळवतात. मी माइक चालू करून विचारलं, कोण आहे? पलीकडून काही नाही. तीनेक मिनिटांनी तो गेला आणि ठिपका पुन्हा राखाडी झाला.

दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशीही. बाराला यायचा, मी बोलावलं की शेजारी उभा राहायचा, काही न बोलता जायचा. मी मोड खेळणं सोडून दिलं. घरी फोन करून विचारायला एक मिनिट लागलं असतं, पण मी विचारलं नाही. मी विज्ञानाचा मास्तर, मला विचारायची भीती वाटत होती. कुणी चोर निघाला असता तर माझा भाऊ दुसऱ्यांदा गेला असता. एक दिवस मी त्याला माइकवरून सगळं सांगूनही टाकलं: की मी मेसेज ऐकले नव्हते, की रविवारीही मी फोन सरकवत होतो. तो ऐकत उभा राहिला, मान वळवली आणि गेला.

जूनमध्ये पेरणीच्या आधी गावी गेलो. दुपारी काकूने सगळ्यांना वाढलं, माझंही जेवण झालं, आणि बाराच्या सुमाराला ती एक ताट घेऊन ओसरीवर बसली. ताट समोर ठेवलं, चार्जरला लावलेला त्याचा फोन काढला आणि चष्मा लावून गेमच्या चित्रावर बोट टेकवलं. तिचं शिक्षण चौथीपर्यंतचं, तेही मराठी. इंग्रजी नावं तिला वाचता येत नाहीत.

मी विचारलं, काय पाहते?

"रोज बाराला येतो तो," ती म्हणाली. "तू नदीवर बोलला न्हाई का, मंग म्या इथं पाह्यलं. हा मधला गडी तर सदाचाच आहे. थोड्या वेळानं घंटी वाजती, म्या हिरवं दाबते, मंग बाजूला येऊन उभा राह्यतो. बोलत न्हाई. त्याचीच टोपी."

फोन उचलायला हिरवं बटण दाबायचं, एवढं तिला माहीत होतं. तेच तिने केलं होतं. गेममधल्या बोलण्याचा आवाज तेवढा तिच्या धाकट्या भावाने बंद करून दिला होता, म्हणून माझं बोलणं तिच्यापर्यंत कधी गेलंच नव्हतं. महिनाभर मी तिच्या बोटाला माझा भाऊ समजत होतो आणि ती मला तिचा मुलगा समजत होती.

तेव्हाच सांगायला हवं होतं. तोंड उघडलंही होतं मी. पण घंटी वाजत नव्हती, कारण वाजवणारा तिच्या शेजारी बसला होता, आणि तिचा चेहरा उतरत चालला. तिने पदराने फोनची काच पुसली. येईल, म्हणाली, जेवल्याबिगर राहत नाही तो.

मी उठलो, गोठ्यामागे गेलो, कडब्याच्या गंजीला टेकून फोन काढला आणि बोलावणं धाडलं. ओसरीवरून तिचा आवाज आला.

"आला."

ती त्याला काय काय सांगत होती ते मला तिथे ऐकू येत होतं. भाजी कशाची आहे, बहिणीचा निकाल कधी आहे, मोटारीची वायर नवी टाकली आहे. मी हातातल्या फोनकडे पाहत श्वास रोखून उभा होतो. माझ्या काचेवर दोन सैनिक, सारख्या टोपीचे. माझा कुठला, तिचा कुठला, हे मलाही क्षणभर कळेना.

शाळा सुरू झाल्यावरही मी मधल्या सुट्टीत प्रयोगशाळेत जाऊन तीन मिनिटं उभा राहायचो. खोटं करतोय हे कळत होतं. आज सांगू, उद्या सांगू, असं चाललं होतं. मग जुलैत पुरवणी परीक्षेच्या पर्यवेक्षणाला माझी नेमणूक झाली. केंद्रावर सकाळी दहालाच सगळ्यांचे फोन घेतले आणि लोखंडी कपाटात ठेवून कुलूप लावलं. बारा वाजले तेव्हा मी वर्गात उत्तरपत्रिकांवर सह्या करत होतो. ताटासमोर बसलेली काकू डोळ्यांपुढून हलेना. मी ठरवलं, आता पुरे. ती वाट पाहून उठली असेल; संध्याकाळी फोन करायचा आणि सगळं खरं सांगून टाकायचं.

फोन केला. मी काकू म्हणालो आणि पुढचे शब्द जुळवत होतो, तेवढ्यात तीच बोलली.

"आज लय वेळ थांबला बाबा तो. भाकर वाळून गेली तरी उभा. तीच टोपी. घडीघडी मान वळवून पाहून राह्यल्ता, कुणी यायचं राह्यल्यावानी."

मी फोन ठेवला. त्याचा गावातला कुणी मित्र असेल, त्याने हिरवा ठिपका पाहून माझ्यासारखंच केलं असेल, टोपी तर हजार जणांकडे असते. हे सगळं मी स्वतःला ओळीने समजावलं. मग आलेल्या सूचना पाहिल्या. बारा वाजून चार मिनिटांनी, माझा फोन कपाटात असताना, त्याच्या खात्यावरून मला बोलावणं आलं होतं. काकूला बोलावणं धाडता येत नाही, तिला फक्त हिरवं दाबता येतं. चुकून बोट लागलं असेल.

ते बोलावणं मी अजून बोटाने सरकवलेलं नाही.