एक पौर्णिमा उशीर

वॉटफर्डला आमच्या शेजारी ब्रह्मदेशातल्या एक आजी एकट्याच राहायच्या. मी कामावरून येईपर्यंत माझ्या लेकीला सांभाळायच्या. पंचांग मात्र काटेकोर पाळायच्या: जन्मवारी केस कापायचे नाहीत, पावसाळ्याचे तीन महिने लग्न नाही की घर बदलणं नाही. इंग्लंडमध्ये कसला डोंबलाचा पावसाळा, मी म्हणायचे. त्या हसायच्या.

लेक शुक्रवारची. सप्टेंबरात शाळेच्या फोटोआधी तिची केस कापायची अपॉइंटमेंट नेमकी शुक्रवारी मिळाली. आजींनी ती परस्पर कॅन्सल केली. माझं डोकंच फिरलं. "तुमच्या पंचांगावर माझं घर चालत नाही," असं त्यांच्या दारात उभी राहून, लेकीदेखत बोलले. त्यांनी दार हळूच लावून घेतलं. सोमवारपासून लेकीला मी आफ्टर-स्कूल क्लबला घातलं.

आपलं चुकलं, हे कळायला दोन दिवसही लागले नाहीत. पण सॉरी म्हणायला जीभ रेटेना. मग लेकच म्हणाली, आजींच्यात पावसाळा संपला की आश्विनातल्या पौर्णिमेला लहानांनी मोठ्यांच्या पाया पडायचं, वर्षभराच्या चुकांची क्षमा मागायची. मोठ्यांनी ती द्यायचीच. म्हणजे आपली कोजागिरीच की! मला हायसं वाटलं. रिवाजाच्या आडून माफी मागता येणार होती.

कोजागिरीला मसाला दूध घेऊन आम्ही गेलो, तर दार त्यांच्या मुलाने उघडलं. आत नुसती खोकी. त्यांची पौर्णिमा महिन्यापूर्वीच होऊन गेली होती. त्या वर्षी आपल्याकडे अधिक महिना आला होता, त्यांच्याकडे नव्हता. घर सोडायला त्या तेवढ्याच दिवसाची वाट बघत होत्या, आणि मग, मला पत्ताही न लागता, साउथहॅम्प्टनला मुलाकडे गेल्या.

"त्या पौर्णिमेला आई सकाळपासून नवे कपडे घालून बसली होती," तो म्हणाला. "तुम्ही दोघी याल म्हणून. माझ्याकडे आल्यावर स्ट्रोक आला. आता फारसं आठवत नाही तिला."

भिंतीला भिंत लागून घर. मला कुठल्या पौर्णिमेची गरज होती? नुसता माझा माज.

रविवारी साउथहॅम्प्टनला गेलो. लेकीकडेही त्या परक्यासारख्या बघत होत्या. मी गुडघे टेकून कपाळ जमिनीला लावलं आणि त्या शुक्रवारचं सगळं सांगून टाकलं. त्यांनी पुटपुटत आशीर्वाद दिला, मग मुलाला त्यांच्या भाषेत काहीतरी विचारलं. तो सांगेना. मी हट्टच धरला.

"माफ केलं म्हणते," तो म्हणाला. "आणि विचारते, ह्या बाई कोण?"